नागपूरला ऑफिस उघडतंय, बाबा

बाबा, आज आमच्या ग्लासगोच्या ऑफिसात एक मीटिंग झाली आणि तेव्हापासून माझं बूड एका जागी टेकत नाहीये. घरी सांगून झालं, आईला फोन झाला, तरी पोट भरत नाही. तुम्हाला जाऊन वीसेक वर्षं होत आली, पण गोष्ट विजेची आहे आणि आपल्या देशाची, तेव्हा ऐकायला तुम्हीच हवे होतात.

मी इथे एका कंपनीत ग्रिडचं प्लॅनिंग करते. वारा कुठे, ऊन कुठे, तिथली वीज कुठून कुठे न्यायची, हे आमचं काम. कंपनीला परदेशात मोठं डिझाइन सेंटर काढायचं होतं. नागपूर, नाहीतर दुसऱ्या एका देशातलं शहर, एवढंच ठरायचं राहिलं होतं. नागपूरला आमची छोटी टीम आहे, सगळी पंचविशी-तिशीतली मुलं. निर्णय विरुद्ध गेला असता तर त्यांचं कॉन्ट्रॅक्ट तिथेच संपलं असतं. त्यातली एक मुलगी मला व्हिडिओ कॉलवर बेधडक अडवते, "मॅडम, हे स्कॉटलंडात चालत असेल. इथे सगळ्यात जास्त वीज लागते ती मे महिन्याच्या दुपारी. तुमचा हिशेब थंडीचा आहे." मग आम्ही तासभर भांडतो आणि शेवटी दोघींनाही न सुचलेलं तिसरंच काहीतरी निघतं. अशी भांडणं मला इथे फार मिळत नाहीत.

आज बोर्डाच्या अध्यक्षबाईंनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. म्हणाल्या, "तुमचं तुमच्या देशावर प्रेम आहे, ते ठीक. ते बाजूला ठेवा आणि सांगा, पुढच्या वीस वर्षांत तिथे काय होईल? इतकी माणसं, इतका गोंगाट. हे जमेल त्यांना?"

समोर माझ्या स्लाइड्स होत्या आणि मला मात्र तुम्ही इंजिनिअर होतात त्या आपल्या गावच्या सबस्टेशनचं फाटक दिसत होतं. एप्रिल महिना आहे, ऊन मी म्हणतंय, मी तुमचा डबा घेऊन आलेय. लोडशेडिंगने वैतागलेले लोक फाटकाशी जमलेत आणि तुमच्या नावाने शिव्यांची लाखोली चाललीय. वॉचमन म्हणतो, साहेब, पोलिसांना बोलवू. तुम्ही स्वतः जाऊन कुलूप काढता. "बाहेर कायले उभे आहा? आत या, पानी प्या." सगळ्यांना मीटरपाशी नेता आणि विचारता, "एवढीच वीज आली आहे. सांगा, कोनाची बंद करू? दवाखान्याची, का पिठाच्या गिरणीची?" मग जो कल्ला होतो! गिरणीवाला एकीकडे, बाजारपेठ एकीकडे, आणि एक म्हातारी सगळ्यांना गप्प करून म्हणते की परीक्षा संपेपर्यंत शाळेकडची लाइन बंद करायची नाही. ऊन उतरेपर्यंत भांडून लोकांनी आपापल्या पाळ्या ठरवल्या. खूश कुणीच नव्हतं, पण मोडल्या कुणीच नाहीत.

त्या संध्याकाळी स्वयंपाकघरात मी भाकरी थापत होते, तुम्ही ओट्याला टेकून कांदा चिरत होतात, आणि मी कॉलेजात जाणाऱ्या पोरीच्या तोऱ्यात म्हणाले, "या देशाचं काही होणार नाही." तुमचा आवाज चढला नाही. "कोनाचं काई होनार नाई? एकेकाचं नाव घेऊन सांग बरं." मी तोंड उघडलं आणि मला एकही नाव घेता येईना. शेजारच्यांचं घेऊ? मैत्रिणीचं? माझंच?

अध्यक्षबाईंना मी फाटकाची ही गोष्ट सांगितली, जशीच्या तशी. त्याआधी कच्च्या बाजूही सांगितल्या. शिकून हाताला काम नसलेली मुलं, लग्नानंतर नोकरी सुटलेल्या मुली, हिवाळ्यातली शहरांची हवा, राजकारणातली आरडाओरड, जात आणि धर्म काढून माणसाला माणसापासून तोडणारे लोक. यातलं काहीही आपोआप सुटणार नाही, म्हणाले. मग त्यांनी विचारलं, "तरी तुमचा चेहरा असा का खुललाय?" मी म्हणाले, "कारण तिथले लोक अजून फाटकाशी येतात. भांडतात, मत देतात, सरकारं बदलतात, आणि उद्या पुन्हा कामाला लागतात. आजवर त्यांना वीज पुरत नव्हती. आता ती पुरायला लागली आहे. तेवढ्यावर ही मुलं काय काय करतील, ते मला बघायचंय." अध्यक्षबाईंनी चष्मा पुन्हा चढवला आणि मतं मागितली. मग एकेक हात वर गेला. नागपूर ठरलं, बाबा. आणि उभारणीसाठी दोन वर्षं मी जावं, असंही.

कॉलवर त्या मुलीला सांगितलं तर ती म्हणाली, "थांबा, मॅडम, आईला सांगून येते." आणि गेलीच, कॉल तसाच चालू ठेवून.

घरी आले तर तुमची नात हेडफोन लावून वऱ्हाडी रॅप ऐकत होती. नागपूरकडची पोरं आहेत म्हणे, शाळेतल्या तिच्या स्कॉटिश मैत्रिणीही ऐकतात. "आई, भैताड म्हणजे काय?" "वेडपट," म्हटलं आणि मी हसत सुटले. पुण्याला शिकायला गेल्यावर जी बोली मी घाईघाईने पुसून टाकली, ती माझ्या लेकीकडे ग्लासगोत फॅशन म्हणून आली होती. नागपूरचं सांगितलं तशी म्हणाली, "मी पण येणार. माझा शाळा तिथे असेल ना?" "माझी शाळा," मी म्हणाले. "तिथे गेल्यावर नीट होईल," ती म्हणाली, आणि पुन्हा गाण्याकडे वळली. तिच्या बाबांनी तर घरमालकाला किती दिवस आधी कळवावं लागतं, ते बघायला घेतलं.

हे कुठे पाठवायचं नाही, पाठवता येणारही नाही. लॅपटॉप बंद केला की संपलं. पण एवढं तुम्हाला सांगते. ऑफिसात मी म्हटलं की अनुभवी माणूस तिथे हवं, म्हणून जाते. ते खरं नाही, बाबा. त्या पोरांचं माझ्यावाचून काही अडत नाही. मलाच इथे राहवत नाही.