गाळलेली पायरी

सदरबझार, सातारा
१७ जानेवारी २०२५

शरयू,

संक्रांत होऊन गेली आणि माझा तिळगूळ तुझ्याकडे पोचला नाही, हे तुझ्या लक्षात आलं असेलच. यंदा गोड बोलायचा विचार नाही, मग पाठवून लबाडी कशाला करू. तू बरी असशील. पेपरातल्या फोटोत तरी बरी दिसतेस. शाल चांगली आहे, रंग तुला शोभत नाही. सांगलीत थंडी कशी आहे हे विचारायची रीत असते म्हणून विचारते. इथे आहे.

फोन न करता पत्र लिहिते, कारण फोनवर तू मधे बोलतेस. तू बोलायला लागलीस की समोरचं माणूस आपलं म्हणणं विसरून ऐकत बसतं. पत्रात तुला शेवटपर्यंत गप्प राहावं लागेल, तेवढीच मला सोय.

आधी तुझ्या मुलाखतीबद्दल. पुरस्काराबद्दल अभिनंदन करावं असं मनात होतं, पण तिसऱ्या प्रश्नाच्या उत्तरापर्यंत आले आणि ते मनातून गेलं. "माझे एक दृष्टिहीन स्नेही माझ्या शब्दांतून कृष्णेचा घाट पाहतात." असं तू सांगितलंस, त्या मुलीनं लिहून घेतलं, आणि वर चौकटीत जाड अक्षरात छापलं. शरयू, ते स्नेही दोन महिने पाठीवर पडून छताकडे तोंड करून आहेत. छतही त्यांना दिसत नाही. हे पुढचं वाक्य तू मुलाखतीत घातलं नाहीस. घातलं असतंस तर चौकट बिघडली असती.

सगळे म्हणतात तुझी वर्णनं चित्रदर्शी आहेत. चित्रदर्शी हा शब्द मला नेहमीच संशयास्पद वाटला आहे. चित्रात काय घ्यायचं आणि काय वगळायचं हे चित्र काढणारा ठरवतो. नकाशात तशी मुभा नसते. मी पाटबंधारे खात्यात आरेखक म्हणून उभा जन्म नोकरी केली. कालव्याच्या नकाशात एक भगदाड गाळलं, कारण ते रेषेत शोभत नव्हतं, असं मी साहेबांना सांगितलं असतं तर त्यांनी मला घरी बसवलं असतं. तुला शाल मिळते.

तुला वाटेल, हिचं जुनंच दुखणं वर आलं. आलंय. पाचगणीला सिस्टर क्लेअरनी वर्गातल्या टेबलाचं वर्णन लिहायला सांगितलं होतं. मी लांबी, रुंदी, लाकूड, कुठला पाय आखूड आहे ते सगळं लिहिलं. तू दोन पानं भरून टेबलावर पडलेल्या उन्हाबद्दल लिहिलंस. सिस्टर म्हणाल्या, राजेश्वरीचं वाचून सुतार टेबल बनवेल, शरयूचं वाचून माणूस त्यावर हात ठेवायला जाईल. वर्ग हसला. तू पण हसलीस. सिस्टर चुकल्या होत्या, हे माझं तेव्हाही मत होतं आणि आजही आहे. टेबलच नसेल तर हात ठेवणार कशावर?

असो. जयराजना काचबिंदूनं घेरलं, तेव्हा रडारड आम्ही केली नाही. फौजी माणूस, त्यांनी मला त्यांची पद्धत शिकवली. हद्दीवर जवानाला लक्ष्य दाखवायचं तर घड्याळ धरून सांगतात. समोर बारा, उजव्या हाताला तीन. तेव्हापासून आमचं घर घड्याळावर चालतं. बारा वाजता फाटक, दोन वाजता चाफा. ताटात सहा वाजता भाकरी, नऊ वाजता आमटी, आणि वाटी गरम असेल तर ते आधी सांगायचं. धोका आधी, बाकी नंतर. दोन वर्षांत त्यांचा पाय एकदाही अडखळला नाही. बाजारात लोक विचारायचे, कर्नलसाहेबांना खरंच दिसत नाही का?

मग तू आलीस आमच्या घड्याळात.

त्रिपुरी पौर्णिमेला आम्ही मिरजेला तपासणीसाठी आलो होतो. डॉक्टरांनी उरलासुरला उजेडही गेला म्हणून सांगितलं होतं. तुझ्याकडे चहा झाला आणि तू म्हणालीस, भाऊजी, चला, घाटावर दिवे लावतात आज. मी नको म्हणत होते. हे उठले. वर मी चपला सांभाळणाऱ्या बाईकडे चपला देत थांबले, तू त्यांना घेऊन पुढे गेलीस, आणि तुझा आवाज मला वरपर्यंत ऐकू येत होता. वरपासून खालपर्यंत पणत्याच पणत्या आहेत, भाऊजी. सगळा घाट एकेक पायरी उतरत जातोय आणि शेवटी पाण्यात पाय सोडून बसलाय. खालची पणती पाण्यातही आहे आणि बाहेरही, खरी कुठली ते वाऱ्यालाही कळत नाहीये. पलीकडे आयर्विन पुलाखाली अजून थोडं तांबडं शिल्लक आहे.

चांगलं सांगत होतीस. चपला हातात धरून मीही ऐकत उभी राहिले, हे लिहायला माझी हरकत नाही.

मधल्या एका पायरीचा दगड पुरानं काढून नेला होता. तिथे पणती नव्हती, कारण ठेवायला जागाच नव्हती. उजेडाच्या दोन रांगांमध्ये एक काळी पट्टी होती. वरून मला ती दिसली, आणि मी हाक मारेपर्यंत हे त्या पट्टीत गेलेले होते.

दवाखान्यात मी तुला एवढंच विचारलं होतं की तुला ती दिसली नव्हती का. तू खोटं बोलली नाहीस, हा तुझा गुण. तू म्हणालीस, "दिसली गं. पण सगळं इतकं सुंदर चाललं होतं, मधेच तुटलेलं कुठे सांगू असं झालं. पुढे गेलो की सांगणार होते." पुढे गेलो की. खुब्याचं हाड तिथेच राहिलं.

त्यावर मी तुला दवाखान्याच्या बोळात काय बोलले ते सगळ्या वॉर्डानं ऐकलं. पुन्हा त्यांच्याशी बोलायचं नाही, फोन नाही, ते तुझे रेकॉर्ड करून पाठवलेले निरोप नाहीत. त्यानंतर तू खरंच फोन केला नाहीस. जन्मात एकदा माझं ऐकलंस.

आता इकडची बातमी. हाड जुळलं आहे. एक्सरे बघून डॉक्टर खूश आहेत. त्यांनी तर दुसऱ्या आठवड्यातच उभं करायला सांगितलं होतं. मयूरी म्हणून एक मुलगी रोज सकाळी व्यायाम घ्यायला येते, वॉकर पलंगाशी लावते, काका, चला म्हणते. काका तिला तिच्या अभ्यासाबद्दल विचारतात, तिच्या गावच्या द्राक्षांबद्दल विचारतात, आणि उठत नाहीत. गेल्या आठवड्यात तिनं मला स्वयंपाकघरात गाठलं. म्हणाली, काकू, आता दुखणं हाडात नाही. आणि हा महिना असाच गेला तर काका पुन्हा उठायचे नाहीत, पायातली ताकद एकदा गेली की या वयात परत येत नाही.

मी जाऊन त्यांना तसंच सांगितलं. मी काही लपवत नाही. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "कशासाठी उठू, राजी? बारा वाजता फाटक, दोन वाजता चाफा. कालही तिथंच होतं."

रागानं म्हणाले असते तर मी भांडले असते.

वीरधवल पुण्याहून फोनवर सांगतो, आई, नर्स ठेव. नर्स त्यांना अंघोळ घालेल. उठवेल कशी?

मी काय काय केलं ते तुला सांगायचं नव्हतं, पण आता एवढं लिहिलंच आहे. संक्रांतीच्या दिवशी मी त्यांच्या खिडकीशी खुर्ची घेऊन बसले. समोरच्या गच्चीच्या तारेला एक पतंग अडकला होता. मी म्हटलं, हिरवा पतंग आहे, शेपूट फाटलंय, तारेला असा लटकलाय जसा काही घरून मार खाऊन आलेला मुलगा. माझ्या तोंडून हे बाहेर आलं, शरयू. हे म्हणाले, "हे कुणाचं घालून आलीस? मापात बसत नाही तुझ्या." आणि हसले. तेही इतके की बनुबाई पोळ्या टाकून दारात आली. "साहेब हासलं व्हय, बाई? लय दिसानं." हो म्हटलं, माझ्यावर हसले, जा आता, पोळी करपेल.

तुझं पुस्तक आलं होतं. कुरिअरवाल्या पोरानं दारात पाठवणाऱ्याचं नाव मोठ्यानं वाचलं, ते ह्यांनी ऐकलं, नाहीतर ते रद्दीतच राहिलं असतं. पतंगाच्या त्या दिवशी संध्याकाळी हे म्हणाले, शरयूचं पुस्तक वाच. मी वाचलं. मुद्दाम सरकारी परिपत्रक वाचतात तसं वाचलं, कुठेही चढ नाही, उतार नाही. तुझ्या उपमा लागल्या की आणखी भरभर. मधे एक ओळ मी सोडली, फारच झाली होती.

"एक ओळ गाळलीस."

मी म्हटलं, नाही.

"गाळलीस. गाळताना तू श्वास घेतेस. मागं जा."

मागे गेले. शेतातून घरी येणाऱ्या बाईच्या डोक्यावरच्या वैरणीच्या भाऱ्याबद्दल ती ओळ होती. त्यांनी ती दोनदा वाचायला लावली. मग उशी उंच करायला सांगितली आणि जेवताना आणखी एक भाकरी मागितली. घाटावर पडल्यापासून त्यांनी काही मागितलं नव्हतं, पाणीसुद्धा मी देईन तेव्हा प्यायचे. काल पलंगाच्या कडेला पाय सोडून बसले होते. मयूरीला वाटलं तिच्या व्यायामाचा गुण आला. मी तिला तसंच वाटू दिलं.

काल रात्री जेवणं झाल्यावर मात्र मला राहवलं नाही. तुझं पान अर्ध्यात ठेवून मी म्हटलं, ज्या बाईनं तुमचं हाड मोडलं तिचंच तुम्ही मला वाचायला लावताय.

ते म्हणाले, "काठी असती तर मला ती पायरी कळली असती. काठी मीच शरयूच्या हातात दिली. तिनं मागितली नव्हती." मग म्हणाले, "दोन वर्षांत पहिल्यांदा मला पुढं काय आहे ते विचारावंसं वाटलं नाही, राजी. मला दिसत होतं."

मी पुस्तक मिटलं आणि आमटीला फोडणी द्यायला गेले. आमटी जेवणात होऊन गेली होती.

दोन वर्षं मी त्यांचे डोळे होते, असं सगळा सदरबझार म्हणतो. मीही म्हणायचे. मी त्यांना पडू दिलं नाही, ही माझी बाजू आहे आणि ती मी सोडणार नाही. तू त्यांना पाडलंस, हेही मी सोडणार नाही. पण पाहिलं म्हणून ज्या एका संध्याकाळबद्दल ते बोलतात ती तुझी आहे, आणि त्या संध्याकाळी दहा पावलांवर मी चपला घेऊन उभी होते. याचा राग कुणावर काढायचा ते मला कळलं नाही. तू सोयीची होतीस.

आता हे पत्र ज्यासाठी लिहिलं ते लिहिते.

तू ये. रविवारी संध्याकाळपर्यंत पोच. तुझ्या पुष्करला गाडी काढायला सांग, एसटीनं येऊन दमलेला आवाज मला नको आहे. सोमवारी सकाळी मयूरी वॉकर लावेल. खोलीतून व्हरांड्यापर्यंत काहीही अडचण नाही, मी आज स्वतः सतरंजी काढून ठेवली. तू व्हरांड्यात उभं राहायचंस, आत यायचं नाही. तिथून अजिंक्यतारा दिसतो. मला तिथे डोंगर आणि वर टॉवर दिसतात, बाकी काही दिसत नाही, आणि सकाळी आठच्या सुमारास त्यावर ऊन येतं एवढं मला माहीत आहे. तुला काय दिसतं ते तू त्यांना सांगायचंस. पुस्तकातलं नाही, पाठ करून आणलेलं नाही. बघून. त्यांना ऐकू येईल पण पुरतं ऐकू येणार नाही, एवढ्या आवाजात. पुढे येऊन ऐकावंसं वाटलं पाहिजे.

व्हरांड्याच्या दाराला उंबरा आहे. तो मी सांगेन. तो तुझ्या वाटणीला नाही.

आणि त्यांनी तुला विचारलं की मी तुला बोलावलं का, तर तू तुझ्या मनानं आलीस असं त्यांना वाटेल, असं काही करू नकोस. मी बोलावलं असंच सांग. त्यांच्यापासून मी गोष्टी लपवत नाही, हे वर लिहिलं आहे.

खोली तयार आहे. पांघरूण जाड ठेवलं आहे, तुला थंडी सोसत नाही. चहा मिळेल, जेवण मिळेल, बनुबाईला तुझ्यासाठी बाजरीची भाकरी करायला सांगितलं आहे. माफी मिळणार नाही, ती मागून माझा वेळ घेऊ नकोस. ते व्हरांड्यात येऊन चार दिवस झाले की तू परत जा, आणि पुढच्या मुलाखतीत आमचं नाव येऊ देऊ नकोस.

आली नाहीस तर हे पत्र मी लिहिलं नव्हतं.

ते उभे राहीपर्यंतच तुझी,
राजेश्वरी