दहा वर्षांत फिटलेलं घर

हर्षाली,

बँकेतनं घराचे कागद सोडवून आणलेत, कपाटात ठेवलेत. कर्ज फिटलं. सुदर्शनला फोन केलाय.

दहा वर्षांमागं हप्ता कमी बसतो म्हणून आमी बापलेक वीस वर्षांच्या कर्जावर सही करणार व्हतो. तू म्हणालीस, "आबा, वीस लाखाचे बेचाळीस भरावे लागतील. दहा वर्षांत फेडलं तर तीस." मी चारचौघांत तुला गप बस म्हणालो. तरी तू सुदर्शनला पटवलंस, अन् दर महिन्याला हप्त्यात वाढलेल्या सात हजारासाठी रोज शिकवण्या घेतल्यास.

आज मॅनेजर म्हणाले, "भिमाजीराव, बारा लाख वाचवले तुमी." मी म्हणालो, "मी न्हाई, माझ्या सुनेनं."

आता निरगुडसरला आक्काकडं चाललोय. तिचा पोरगा आदेश घरासाठी पंचवीस वर्षांचं कर्ज काढतोय. तुझी हिशोबाची वही न विचारता नेलीय, पण मला ते व्याजाचं नीट सांगता यायचं न्हाई. शिकवणी सुटली की तू तिकडंच ये. दाजी मधीच बोलतील, तू थांबू नको. मी तुझ्या शेजारी बसलेला असीन.

आबा