‘हवा – गाळी’ या फळीची वारस

मी, गुंडू भरमू चौगुले, वय वर्षे चौऱ्याहत्तर, धंदा सायकल दुरुस्ती व हवा भरणे, राहणार निपाणी, आज माझ्या दुकानातल्या बाकावर बसून हे मृत्युपत्र लिहवून घेत आहे. माझे डोके ठिकाणावर आहे. कान जरा कमी झाले आहेत, पण नको ते अजून नीट ऐकू येते. मला कोणी धाक दाखवलेला नाही, काही पाजलेले नाही, की गोड बोलून फसवलेले नाही. यापूर्वी मी असा कोणताही कागद केलेला नाही.

लिहून घेणाऱ्या वकील वासंतीबाई बेळगावच्या, अनगोळात राहणाऱ्या. लहानपणी सुट्टीला मामाकडे निपाणीला येत, तेव्हा त्यांच्या सायकलीत हवा मीच भरत असे. माझी मधली मधली बोलणी काढून टाकावीत असे त्यांचे मत पडले. मी म्हणालो, बाई, नुसती मालमत्ता लिहायची तर अर्ध्या पानात आटोपेल, त्यासाठी तुम्हाला अनगोळहून कशाला बोलावले असते. तेव्हा बोलणी ठेवली आहेत.

कलम १. राहते घर माझ्या कष्टाचे आहे. ते मी सून सौ. रचना हिला देतो. माझी बायको कै. जयाबाई शेवटी अंथरुणाला खिळली, तेव्हा रचनाने तिला उशांना टेकवून बसते ठेवले, कारण आडवे झाले की तिचा श्वास कोंडायचा. पोटच्या पोरीने केले नसते इतके तिने केले. मुलगा सूरज याला याचे वाईट वाटू नये. वाटले तरी जेवायला त्याला त्याच घरात यायचे आहे.

कलम २. दुकान. हे कलम दोनदा लिहावे लागले. ते सर्वांत शेवटी वाचावे.

कलम ३. बँकेत जे काही असेल ते नात कु. ऋतिका हिच्या औषधाला व शिक्षणाला. आकडा लिहीत नाही, उगाच हसे होईल.

कलम ४. दुकानामागे जुन्या टायरांचा ढीग आहे. तो कोणालाही जाळायला देऊ नये. दरवर्षी शिमग्याला गल्लीतली पोरे होळीत घालायला टायर मागायला येतात आणि दरवर्षी मी नाही म्हणतो. मग ती दुकानासमोर उभी राहून माझ्या नावाने बोंब मारतात. त्यांचा तो हक्कच आहे, मी कधी रागावलो नाही. उलट बोंब मारून घसा सुकला की त्यांना पाणी देत आलो. मी गेल्यावरही पोरांनी बोंब मारावी, पाणी रचनाने द्यावे, टायर कोणी देऊ नये. त्या टायरांचे झोपाळे करून शाळेच्या आवारात टांगता आले तर टांगावेत.

कलम ५. माझी घंटी, म्हणजे पितळेची जुनी सायकलघंटी, शेजारी भावकू यास. भावकू आणि मी एका वर्गात होतो. त्याच्यावर माझा एक राग आहे, तो इथे लिहून मोकळा होतो. ऋतिकाच्या शाळेच्या भिंतीमागच्या पडक्या जागेत गावाचा कचरा टाकून रोज सकाळी पेटवतात. बरोबर प्रार्थनेच्या वेळी धूर वर्गात शिरतो. याविरुद्ध अर्ज द्यायचा म्हणून गल्लीतली मोठी माणसे माझ्या दुकानात बसली. भावकू म्हणाला, अर्ज मराठीतच जाणार. गल्लीतलाच मष्णू म्हणाला, मराठीतला कचेरीवाले घेणार न्हाईत, कन्नडात देऊ. झाले. पुढच्या बैठकीतही तेच, त्याच्या पुढच्याही. चहा माझा जायचा. धूर कोणत्या भाषेत येतो हे कोणी विचारले नाही. अर्ज शेवटपर्यंत लिहिलाच गेला नाही. भावकूने यापुढे कोणत्याही बैठकीत तोच मुद्दा काढला तर ही घंटी स्वतःच वाजवून स्वतःला थांबवावे. मष्णूला काही देत नाही. त्याने राग मानू नये, त्याला साक्षीदार करायचे आहे.

कलम ६. दोन पंप. आमच्या घरात दोन पंप आहेत. एक माझा, उभा, लोखंडी, दुकानाच्या दारात साखळीला बांधलेला. दुसरा ऋतिकाचा, तळहातात मावणारा. छाती दाटून आली की ती तो तोंडात धरून दाबते. त्याला डॉक्टरांचे काही वेगळे नाव आहे, पण औषधाच्या दुकानात सगळे पंपच म्हणतात. ती लहान असताना मला विचारायची, “आज्जा, तुझ्या पंपानं माझ्यात हवा भरता येती का रं?” मी हसायचो आणि मग आत जाऊन उगाच पाने-पकडी आवरत बसायचो. माझा पंप जिथे आहे तिथेच राहावा. शाळेच्या मुलांना हवा फुकट, हे आजवर चालले तसेच पुढे चालावे.

पंक्चर बघायचे पाण्याचे घमेलेही पंपाशेजारीच ठेवावे. मुलांना ते फार आवडते. ट्यूब दाबून पाण्यात धरली की जिथून बुडबुडा येतो तिथे भोक. मी पोरांना सांगत आलो की बुडबुडा म्हणजे ट्यूबची तक्रार आहे, ती नीट ऐकायची. बुडबुड्यावर बोट ठेवून दाबून धरले तर पंक्चर निघत नाही, बोट तेवढे अडकून पडते.

कलम ७. फळी. हे मृत्युपत्र खरे तर या एका कलमासाठी केले आहे.

दुकानावर माझी ‘हवा’ अशी दोनच अक्षरे रंगवलेली फळी होती. निपाणी पडली कर्नाटकात, तेव्हा पुढे सांगण्यात आले की पाटीवर कन्नड पाहिजे. शामू पेंटरला मी म्हणालो, कन्नडमधले घाल बाबा. कन्नडमध्ये हवेला गाळी म्हणतात. शामूला शब्द येत होता, कन्नड अक्षरे येत नव्हती. त्याने मराठी अक्षरांतच मोठ्या झोकात लिहिले, ‘हवा – गाळी’. तपासायला आलेला माणूस फळीपुढे बराच वेळ उभा राहिला. भाषा कन्नड, लिपी मराठी, दंड कशाचा करायचा हे त्याला ठरवता येईना. शेवटी हसून त्याने स्कूटरमध्ये हवा भरून घेतली आणि गेला. कोल्हापूरहून एसटीने आलेले पाहुणे मात्र फळी वाचून विचारायचे, इथं शिव्यागाळी पण मिळती काय. मी म्हणायचो, मिळती की, हवा फुकट भरली नाही म्हणून वाद घातला की मिळती.

मोठ्यांचा अर्ज बैठकीत अडकला तेव्हा ऋतिका तिथेच कोपऱ्यात गृहपाठ करत बसली होती. एक दिवस तिने विचारले, ही फळी नेऊ का. मी काढून दिली. दुसऱ्या दिवशी प्रार्थनेला ती आणि तिच्या वर्गातली मुले धुराकडे तोंड करून उभी राहिली, हातात ‘हवा – गाळी’. घोषणा नाहीत, काही नाही. रोज तसेच. कोणीतरी फोटो काढला, तो फिरला, आणि एक साहेब पाहायला आले. त्यांनी कन्नडमधून विचारले, “येन बेकु?” म्हणजे काय पाहिजे. ऋतिकाने फळीवर बोट ठेवले आणि म्हणाली, “इद बेकु, सर. हे पाहिजे.”

दोन्ही भाषांत झाले. भावकू आणि मष्णू दोघे फाटकाशी उभे राहून ऐकत होते. पेटवणे थांबले, तरी पुन्हा पेटवू नये म्हणून मुले फळी घेऊन उभी राहत होती. त्या दिवसांत ऋतिका पंप दप्तरात विसरून जायची, इतका तिला आराम होता. मी दुकानात बसून येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत होतो की ती माझी नात.

आता सूरजविषयी. तो माझा मुलगा आहे, चांगला मुलगा आहे, हे आधी लिहावे. कचरा उचलून तिथे पेटवणाऱ्या कंत्राटदाराकडे तो मुकादम आहे. कंत्राटदाराने त्याला बोलावून विचारले की पोरगी तुझीच ना, मग तिला आवर, नाहीतर काम दुसरीकडे बघ. सूरजने घरी येऊन ऋतिकाला गप्प बसायला सांगितले. ओरडला नाही, हात जोडल्यासारखे सांगितले. तिने ऐकले. फळी परत आणली आणि दुकानात तोंड भिंतीकडे करून ठेवली. थोड्याच दिवसांत धूर पुन्हा सुरू झाला.

मी तिला विचारले, आता वर्गात त्रास होत नाही का. ती म्हणाली, “सवय झालीया आता, आज्जा.”

हा शब्द मी याआधी ऐकला आहे. जयाबाई कोगनोळीची. तिच्या वडिलांच्या सायकलीचे पंक्चर काढता काढता आमचे लग्न ठरले. लग्नानंतर ती इथे तंबाखूच्या वखारीत कामाला जायची. तंबाखू झाडताना उडणारा खकाणा सगळ्या बायकांच्या नाकातोंडात जायचा. घरी आली की खोकत बसायची. मी म्हणायचो, मालकाला सांगा की सगळ्या मिळून, दारे उघडी ठेवा म्हणावे. ती म्हणायची, “सवय झालीया.” खोकला वाढला तरी तेच, झोप उडाली तरी तेच. शेवटी रचना तिला उशांना टेकवून बसवायची तेव्हासुद्धा ती सुनेच्या गालाला हात लावून तेच म्हणाली. माझे तिच्यावर फार प्रेम होते. तिचा एवढा एक शब्द मला कधी सहन झाला नाही. आणि आता तो माझ्या नातीच्या तोंडात आला आहे, ती अजून सहावीत आहे.

म्हणून ती फळी मी ऋतिकाला देतो. वासंतीबाईंनी इथे लिहिले होते, ‘सदर ऋतिका ही अज्ञान असल्याने.’ कायद्यात लहान मुलांना अज्ञान म्हणतात असे त्या म्हणाल्या. मी ते खोडायला लावले. गल्लीतल्या सगळ्या सज्ञान माणसांना जे सुचले नाही ते तिला सुचले, तिला अज्ञान कसे लिहू. त्यांनी ‘वयाने लहान’ असे केले, ते मला मान्य आहे. ऋतिका, बाळा, ही फळी घ्यायला मोठी होण्याची किंवा मी मरण्याची वाट बघू नकोस. ओझे वाटले तर मैत्रिणींना हात लावायला सांग. तुला भीती वाटली तर ती वाटू दे, तुझ्या आज्ज्यालाही साहेब दिसला की वाटायची. पण सवय करून घेऊ नकोस. एवढेच माझे मागणे आहे.

कलम ८. मला पोचवताना फटाके वाजवू नयेत, सरणावर रॉकेल-टायर घालू नये. वेळ लागला तर लागू द्यावा. मला कुठे जायची घाई नसेल.

आता राहिले कलम २. ते आधी असे होते की दुकानगाळा सूरजला द्यावा. वरील सर्व मजकूर वाचून दाखवायला बाईंनी सुरुवात केली तेव्हा सूरज कामावरून आला आणि दारातच उभा राहिला. त्याच्या कपड्यांना धुराचा वास येत होता. कलम सात झाल्यावर त्याने ते पुन्हा वाचायला सांगितले. बाईंनी वाचले. मग त्याने विचारले, साक्षीदार कोण. बाई म्हणाल्या, एक मष्णू, दुसरा अजून ठरायचा आहे, भावकूला घंटी दिल्याने तो चालायचा नाही. ज्याला काही मिळते त्याने सही करू नये, उद्या कोणी बोट ठेवील.

सूरज म्हणाला, “मग माझं नाव काढा त्यातनं. दुकान ऋतीच्या नावानं करा. सही मी करतो.”

मी म्हणालो, अरे, काम गेले तर हे दुकानच तुला आधार होते. तो म्हणाला, “आप्पा, ती बोलत हुती तवा मी तिला गप केली. आता ती बोलंल तवा साक्षीला मी नको व्हय?” मी बाईंना ते कलम खोडायला सांगितले. बाईंनी आधी चष्मा पुसायला काढला.

तेव्हा कलम २ असे वाचावे : दुकानगाळा कु. ऋतिका सूरज चौगुले हिला. ती वयाने लहान आहे तोवर रचनाने सांभाळावा, आणि सूरजला तिथे बसून हवा भरायची असेल तर कोणी अडवू नये. या कागदाप्रमाणे सर्व करण्याचे काम मी वासंतीबाईंवर सोपवतो.

इतके बोललो, ते सर्व मला वाचून दाखवले, आणि ते माझेच आहे म्हणून सही करतो.

गुंडू भरमू चौगुले
ठिकाण : निपाणी, हवा भरण्याचे दुकान
दिनांक : २१ जानेवारी २०२५

साक्षीदार

१. मष्णू. गुंडूने माझ्यासमोर सही केली. अर्ज दोन्ही भाषांत मी आणि भावकू उद्या लिहितो.

२. सूरज गुंडू चौगुले. आप्पांनी माझ्यासमोर सही केली. फळी ऋतिकाने आजच माझ्यासमोर उचलली. दुसरे टोक मी धरले आहे, शाळेपर्यंत.