राहूचं अंतर

बाबा,

तुम्ही गेलात तेव्हा ग्रह नऊ होते. नंतर शास्त्रज्ञांनी बैठक घेऊन प्लूटोला काढलं. आता तो बटुग्रह. मुंज लागलेली, पण घरात मत नाही. नुसता लहान आहे म्हणून नव्हे हो, आपल्या वाटेतला कचरा त्याला दूर सारता आला नाही म्हणून. हा नियम लावला तर मुलुंडात एक सोसायटी उरायची नाही. तुम्ही यावर वर्गात अख्खा तास भांडला असतात. तुम्ही विज्ञानाचे मास्तर आणि मुलगी संस्कृत शिकवणारी, म्हणजे आपल्या घरात ग्रह दोन तऱ्हेचे: तुमचे मोजायचे, माझे म्हणायचे.

मे महिन्यातली ती सकाळ अजून तशीच आहे. जिन्याच्या पायरीवर सोललेला नारळ, तो सूर्य. खिडकीतून आई ओरडते आहे, "अहो, तो सूर्य मला वाटणाला हवाय, लवकर आणा!" तुम्ही माझ्या तळहातावर मोहरीचा एक दाणा ठेवता आणि म्हणता, चाल, मी थांब म्हणेपर्यंत. मी विचारते, "ही कोण, बाबा?" तुम्ही म्हणता, "नाव शेवटी. आधी किती लांब, मग केवढं. नाव काय, कोणीही ठेवतं." मोहरी पाण्याच्या टाकीपाशी थांबते आणि तीच पृथ्वी निघते. गुरू म्हणून काबुली चणा फाटकाबाहेर जातो, नेपच्यून म्हणून मसुरीचा दाणा पार स्टेशनकडे वळणाऱ्या कोपऱ्यावर. तिथे मी तो ठेवते न ठेवते तोच कबूतर येऊन टिपतं. मी रडत धावत येते, "कबुतराने ग्रह खाल्ला!" तुम्ही शांतपणे म्हणता, "खाल्ला तर खाल्ला. त्याची जागा तर माहीत आहे ना?"

पण ग्रह खाण्यात तुम्हीही मागे नव्हतात. आपल्या या जागेच्या वास्तुशांतीला गुरुजींनी पाटावर तांदूळ पसरून नऊ सुपाऱ्या मांडल्या. तुम्ही सोवळं नेसून बसलेले, आणि राहूपाशी अडलात. "गुरुजी, याचं अंतर किती?" गुरुजी मुरलेले होते. मान वर न करता म्हणाले, "ते यजमानावर अवलंबून असतं." सगळे हसले. जेवणं झाल्यावर तुम्ही राहू आणि केतू उचललेत, अडकित्त्याने कातरलेत आणि बडीशेपेबरोबर खाल्लेत. "ज्याला ना आकार, ना अंतर, तो ग्रह कसला? इतकी वर्षं हा लोकांना गिळतोय, आज मी याला." रागावली की आई थेट मालवणीत शिरते. "तुमका काय अक्कल आसा? देवाचा खातत काय कोण?" मी तेव्हा तुमच्या बाजूने हसले होते. आई हसली नव्हती.

पुढे तुमच्या छातीच्या फोटोत डाग निघाला. डॉक्टरांनी तिथल्या तिथे नाव सांगितलं. तुम्ही म्हणालात, "नाव राहू द्या, केवढा आहे ते सांगा." ते त्यांनी सांगितलं नाही, आणि लवकरच विचारणाराही उरला नाही. आईने त्या सुपाऱ्यांचा विषय पुन्हा कधी काढला नाही. तो न काढणंच मला जड गेलं.

हे आज लिहिण्याचं कारण असं की, गेल्या आठवड्यात खोकल्यासाठी म्हणून माझं स्कॅन झालं. उजवी बाजू, वरचा भाग. तुमचीच जागा. डॉक्टर माझ्या विद्यार्थ्यांच्या वयाचा, तुमच्या वर्गात बसला असावा असा बोलतो. "मॅडम, एक छोटी गाठ दिसतेय. मसुरीच्या दाण्याएवढी. जागा आणि साइज लिहून ठेवतो, तीन महिन्यांनी परत बघू."

"नाव काय तिचं?"

"आत्ताच कशाला नाव? वाढली तर देऊ. खिडकीत कबुतरं येतात का? त्यांच्यामुळेही खोकला धरतो."

मी हसले, बाबा. त्याला वाटलं, बाई धीराच्या आहेत. आधी अंतर, मग आकार, नाव शेवटी; तुमचा नियम इतका तंतोतंत पाळणारा माणूस मला पहिल्यांदाच भेटला आणि मला त्याचा गळा धरावासा वाटला. मसूर म्हणजे नेपच्यून, तो कोपऱ्यावर असायला हवा. हा कोपऱ्यावर नाही. घरी आल्यावर आईने विचारलं, "काय म्हणाला गं डॉक्टर?" मी म्हटलं, "कबुतरांना दाणे घालू नका म्हणाला." तिने माझ्याकडे जरा जास्त वेळ बघितलं आणि डाळ निवडायला घेतली. हल्ली खोकला आला की मी नळ सोडते. नळ बंद केला की बाहेर तिच्या सुपाचा आवाज थांबलेला असतो.

परवा येताना वाण्याकडून एक सुपारी आणली आणि देव्हाऱ्यात बाळकृष्णाच्या मागे ठेवली. राहूची. शास्त्रार्थ विचारू नका, तो मलाही येतो. आज सकाळी फुलं वाहताना पाहिलं तर तिच्या शेजारी दुसरी होती. आई आत नारळ खवत होती. खवणीचा आवाज मध्येच थांबला, मग पुन्हा सुरू झाला.

हे पत्र पाठवायचं तर अंतर माहीत हवं, म्हणून ते इथेच राहील. दोन्ही सुपाऱ्या तशाच आहेत. खरं सांगू? अडकित्ता कालच शोधून, पुसून ठेवलाय. तुम्ही येऊन त्या कातरून खाव्यात असं फार वाटलं.