त्या समुद्रात मला जागा नव्हती

आप्पा, मी तळेगावला काकांकडे गेले होते. तुमचे जोडीदार काका, कारखान्यात पत्रा दाबायच्या प्रेसवर तुमच्या समोर एकवीस वर्षं उभे राहिलेले. चाकणला कंत्राटी कामगारांची गेटसभा होती आणि मला कारखान्यातल्या आवाजावर बोलायचं होतं. काकांचे कान पार गेलेत, समोरच्याच्या ओठांवरून बोलणं ओळखतात. उजव्या हाताला तीनच बोटं. त्यांना व्यासपीठावर उभं केलं की माझं निम्मं भाषण आपोआप होणार होतं. चहा पिता पिता ते म्हणाले, "तुझ्या बापाचा समुद्र तर तुला ठाव असंलच." मी विचारलं, "कसला समुद्र?" आपली वाचण्यात चूक झाली असं वाटून त्यांनी मला तेच पुन्हा बोलायला लावलं. मग बशी खाली ठेवून म्हणाले, "आरं तिच्या! घरी न्हाई सांगितला व्हय त्यानं?"

आप्पा, तुम्ही उभ्या जन्मात समुद्र पाहिला नाहीत. पवना आणि इंद्रायणी, तेवढंच तुमचं पाणी. आणि त्या माणसाला तुम्ही एक अख्खा समुद्र दिलात. सकाळची भरती हळदीच्या रंगाची, संध्याकाळची निळी. किनाऱ्यावरच्या गावात दिवा नाही, चूल पेटवायला काडी नाही. भरती आली की बाया घागरी भरून उजेड घरी नेतात, उंबऱ्यावर ओततात, आणि तो पुढच्या भरतीपर्यंत पुरतो. ते पाणी प्यायलेल्या म्हशींची शिंगं अंधारात दिसतात, म्हणून तिथं गुरं हरवत नाहीत. ओहोटीला वाळूत उजेडाचे दाणे राहतात, ते पेरले की उगवतात. काका सांगत होते आणि मध्येच हसून म्हणाले, "आपल्याकडं दर गुरुवारी लाईट जायची, तिथं गुरुवारीबी जात न्हाई, असं म्हनायचा." प्रेसच्या धडधडाटात ऐकू काहीच यायचं नाही. पत्रा लावायचा, प्रेस खाली येऊन वर जाईपर्यंत ओठांनी दोन शब्द, हातांनी एक खूण; भरती म्हणजे वर केलेली मूठ हळूहळू उघडायची. असा तुकड्यातुकड्याने तुम्ही तो समुद्र वर्षानुवर्षं सांगितलात. त्यांना, समोरच्या माणसाला!

मी जळले, आप्पा. हजार माणसांसमोर उभी राहते मी, मालकांच्या तोंडावर बोलते, कपाटं भरून पुस्तकं वाचलीत, आणि त्या पत्र्याच्या छपराखाली बशीतला चहा निवेपर्यंत एका म्हाताऱ्याचा हेवा करत बसले. कारण मला आपलं स्वयंपाकघर आठवत होतं. मी दहावीत आहे, वक्तृत्वात पहिली आलेय, आणि ओट्याला टेकून तुम्हाला अख्खं भाषण म्हणून दाखवतेय. हात उंचावून, आवाज चढवून. तुम्ही खाली मान घालून भाकरी कुस्करताय. भाषण संपतं. तुम्ही म्हणता, "झालं? एवढं वरडू नगं. कालवण वाढ." मी कालवण वाढते. त्या दिवसापासून मी ठरवून टाकलं की तुमच्या आत काही नाही, कंपनीने सगळं पिळून घेतलंय. किती सभांमधून मी हे सांगितलं! 'माझ्या बापाकडे बोलायला शब्द उरले नव्हते,' असं म्हटलं की बायका पदर डोळ्यांना लावायच्या. आणि शब्द तर होते तुमच्याकडे. वाटले दुसरीकडे.

मी काकांना विचारलंच. त्यांना नीट वाचता यावं म्हणून हळूहळू विचारलं, "मी होते का त्या समुद्रात? कुठे तरी? घागर भरायला तरी?"

"न्हाई गं. तू कशी असशील?" ते म्हणाले. "माझ्या लेकीचं लगीन जमलं, ते मी मशीनवर त्याला सांगाया गेलो. नाव काडलं तिचं. ध्यान गेलं, हात आत ऱ्हायला." त्यांनी हात पुढे केला. "तुझ्या बापानंच मशीन बंद केली, माझी बोटं त्यानंच फडक्यात गुंडाळली. मी कामावर परत आलो त्या दिवशी म्हनला, आता मशीनवर घरचं मानूस न्हाई. पोराबाळांचं नाव न्हाई. मग दिसभर बोलायचं काय? म्हनून काडला त्यानं समुद्र. मीबी माझं कुनी तिथं नेलं न्हाई."

दुसरी कुणी असती तर तिचं समाधान झालं असतं. माझं नाव तिथं नव्हतं म्हणून कुणाचं तरी बोट शाबूत राहिलं, हे मला कळतं. पटतंही. पण मशीन काय, संध्याकाळी बंद व्हायची ना, आप्पा? घरी प्रेस नव्हती. घरी भाकरी होती, मी होते. तिथं एक घागर आणायला काय हरकत होती? की सुटी होईपर्यंत तुमच्यातला सगळा समुद्र आटलेला असायचा आणि माझ्या वाट्याला फक्त ओहोटी? मी जगाला जाब विचारते, तुम्ही गेलात आणि तुम्हाला विचारायचा राहिला.

काल सभा झाली. काका पहिल्या रांगेत खुर्चीवर होते. आवाजावरचं भाषण मी अर्ध्यात सोडलं आणि तुमचा समुद्र सांगितला. हळद, निळा, म्हशींची शिंगं, सगळं. घोषणा देऊन घसे बसलेली माणसं एकदम गप्प झाली. माझ्या कुठल्याच वाक्याला अशी शांतता मिळाली नव्हती, आणि ती माझी नव्हती. मग मी म्हणाले, "माझे वडील रोज जेवताना मला हे सांगायचे."

काका माझ्या ओठांकडे बघत होते. सगळ्या सभेत खरं ठाऊक असलेला तो एकटा माणूस. त्यांनी क्षणभर डोळे मिटले, मग तीन बोटांचा हात वर करून हळूहळू उघडला, तुम्ही भरती दाखवायचात तसा. माझं खोटं त्यांनी पोटात घातलं. तुमचा समुद्र इतकी वर्षं सांभाळणारा माणूस, त्याने तो मला देऊन टाकला, आणि मी खाली उतरून त्यांना साधा नमस्कारही केला नाही. अजून जळतेय मी त्यांच्यावर. हे पत्र कुठे टाकायचं ते मला माहीत नाही, आणि टाकणारही नाही. पण पुढच्या सभेतही मी तेच सांगणार आहे, आप्पा, जेवताना सांगायचात म्हणून.