प्रार्थनेनंतरचा अर्धा तास

नऊ ऑक्टोबर २०२५ रोजी सकाळी मी अंघोळ केली, देवासमोर दिवा लावला आणि विम्याचे कागद शोधायला कपाटाचा खालचा कप्पा उघडला. हृदयाच्या शस्त्रक्रियेची तारीख आदल्या दिवशीच मिळाली होती. कागद सापडले नाहीत. माझी नित्यनेमाची एक जुनी वही सापडली. तिच्यात १४ ऑगस्ट २०१२ च्या पानावर माझ्याच अक्षरात लिहिले होते: "कोंढाळपार. प्रार्थनेनंतर बायका नळावरून भांडल्या. सभामंडप नको, आधी नळ. शेवटी सगळ्यांनी मानले. ऐकून छान वाटले." दिवा शांत होईपर्यंत मी ती वही मांडीवर घेऊन बसलो होतो. हे मृत्युपत्र त्या सकाळी सुरू झाले. कागदावर आज उतरत आहे.

मी, कृष्णकांत देवराव निखाडे, वय एकोणपन्नास, राज्यशास्त्राचा प्राध्यापक, राहणार सक्करदरा, नागपूर. माझे डोके ठिकाणावर आहे. बिघाड छातीत आहे, असे डॉक्टरांनी लेखी दिले आहे. हे लिहिताना मला कोणी धाक घातलेला नाही, लालूच दाखवलेली नाही. याआधी मी मृत्युपत्र केलेले नाही. शस्त्रक्रियेतून उठलो, तरी हेच कायम राहील.

एक. सक्करदऱ्याची सदनिका माझ्या आणि माझी पत्नी उत्तरा हिच्या नावावर आहे. माझा हिस्सा तिचा. बँकेतील ठेवी आणि भविष्य निर्वाह निधीही तिचाच. आमची मुलगी गार्गी हिच्या शिक्षणाचे काय करायचे, हे उत्तराला माझ्यापेक्षा चांगले कळते. मी पंचवीस वर्षे सरकारच्या अंदाजपत्रकावर शिकवले. घरचे तिने चालवले, आणि त्यावर तिला कोणी डॉक्टरेट दिली नाही. देवघरातला बाळकृष्ण तिच्याकडे राहावा. त्याला रोज अंघोळ घातलीच पाहिजे असे नाही. तिचे गुडघे दुखतात, हे त्यालाही माहीत आहे.

दोन. गावच्या दोन खोल्यांतील माझा वाटा माझा थोरला भाऊ रुपराव याला द्यावा. त्याच्याच मुलीच्या लग्नात तो पाहुण्यांसमोर म्हणाला होता, "आमचा किसना अंदाजपत्रकाचा डाक्टर झाला, पन घरातलं मीठ सरलं हे त्याले अजून उत्तराच सांगते." मांडव हसला. मी चार वर्षे त्याच्याशी बोललो नाही. वाक्य खरे होते. तो राग मी येथे मागे घेत आहे.

त्यांतल्या एका खोलीत खुंटीला बाबांची पितळी हातघंटी आहे. ती मात्र गार्गीला द्यावी. बाबा ग्रामपंचायतीचे शिपाई होते. ग्रामसभेच्या आदल्या दिवशी ते ती घंटी वाजवत गावभर फिरत, आणि घरी येऊन आईला म्हणत, "सांगून आलो वं. उद्या येनार कोनी नाही. सारं ठरलं हाय आधीच." मी जिल्हा परिषदेच्या शाळेत चौथीत होतो. मी त्याचा अर्थ असा घेतला, की चार मोठ्या माणसांनी आपसात ठरवून टाकले. कुठे ठरले, कोणी ठरवले, हे मी बाबांना कधी विचारले नाही. तो न विचारलेला प्रश्न पुढे माझ्या सगळ्या लिखाणात राहिला.

तीन. माझ्या नावावर एकच पुस्तक आहे, 'गप्प सभा'. ते एम. ए. ला लावलेले आहे, आणि त्याचे काय करायचे हे मला सविस्तर लिहिले पाहिजे.

२०११ ते २०१३ या काळात बारा गावांना एक निधी बिनअटीचा मिळत होता. तो कशावर खर्च करायचा, हे गावाने ग्रामसभेत ठरवायचे. गाव खरोखर ठरवते का, हे पाहायला मी प्रत्येक सभेला गेलो. निळी वही, हजेरीचा तक्ता आणि स्टॉपवॉच घेऊन. उमरेडच्या पुढे कोंढाळपार आहे; तिथे २०१२ च्या १५ ऑगस्टच्या सभेला अकरा माणसे होती आणि वर्षाचे अंदाजपत्रक चार मिनिटांत मंजूर झाले. आधी सभामंडपासाठी धरलेला निधी नळाकडे वळवला गेला, आणि एकाही माणसाने तोंड उघडले नाही. मी लिहिले की आपल्या गावांची राजकीय संस्कृती मुकाट होकाराची आहे. 'चार मिनिटांचे अंदाजपत्रक' हे शब्द गाजले. सरकारी अहवालात आले. बिनअटीचा निधी बंद झाला आणि ठरवण्याचे काम तालुक्याच्या समितीकडे गेले.

कोंढाळपारला रोज संध्याकाळी शाळेच्या ओट्यावर सामुदायिक प्रार्थना होते. मुक्कामाला असलो की मी जात असे. लहानपणापासूनची सवय आहे. प्रार्थना संपली की घंटा होई, आणि घंटा झाली की जे प्रार्थनेला येत नसत तेही येऊन बसत. बौद्ध वस्तीतली घरे, बाळंतीण सोडून बाकी बायका, सगळे. मग अर्धा तास गावाचे बोलणे चाले. तिथेच भांडत, तिथेच ठरवत. दुसऱ्या दिवशीच्या सभेत फक्त सह्या होत. आदल्या रात्री घसा बसेपर्यंत बोललेली माणसे तिथे पुन्हा काय बोलणार?

हे सगळे मी ऐकले होते. पण देवाच्या कामाला बसताना निळी वही काढायची नाही, असा माझा नियम होता. म्हणून ते नित्यनेमाच्या वहीत गेले आणि पुस्तकात आले नाही.

चार. माझे मार्गदर्शक डॉ. मनोहरराव यांनी मला शिकवले होते, "देवळात ऐकलेले देवळात ठेवावे, तक्त्यात आणू नये." दहा वर्षे मी मनात सगळा दोष त्यांच्या माथी मारला. त्यांना कोंढाळपारची प्रार्थना माहीतही नव्हती. ते आता नाहीत. हा दोष त्यांच्या नावावरून काढून माझ्या नावावर लावावा.

पाच. पुस्तकात मी गावाचे नाव दिले नव्हते, 'गाव क्रमांक सात' लिहिले होते. ओळखायला कोणाला वेळ लागला नाही. २०१५ साली चौकशी लागली. चर्चा न करता निधी वळवला, असा ठपका सरपंच प्रेमिलाबाई भुजाडे यांच्यावर आला, आणि पुरावा म्हणून माझ्या पुस्तकाचे एकशे बारावे पान जोडले गेले. नळाची तोटी शेवटच्या वस्तीत रोज वाहत होती, तिचा पुरावा कोणी जोडला नाही.

प्रेमिलाबाई नागपूरला माझ्या खोलीत आल्या. हातात पिशवी, पिशवीत माझे पुस्तक. खुर्चीवर बसल्या नाहीत.

"सर, तुमी तं होते तिथं."

मी पुन्हा खुर्ची दाखवली.

"डोये मिटून बसले होते मान्य. पन कान तं उघडे होते ना? जास्त नाही मांगत मी. दोन ओळी लिवून द्या, की बोलनं झालं होतं."

मी म्हणालो, "बाई, ते संशोधनाच्या नोंदीत नाही. अनौपचारिक बोलणे पुरावा होत नाही."

त्यांनी पुस्तक टेबलावर ठेवले. "मंग हे तुमीच ठेवा. आमच्याकडं तं हे बी अनौपचारिकच व्हय."

पुढच्या आठवड्यात माझी बढतीची मुलाखत होती. हे कारण मी त्या दिवशी स्वतःलाही सांगितले नव्हते. आज लिहून ठेवतो. त्यांचे पद गेले, सहा वर्षे निवडणूक लढवता आली नाही. त्यांच्या नातीला शाळेत मुली 'मंडपखाऊची नात' म्हणत. मी त्या वर्षी सहयोगी प्राध्यापक झालो.

सहा. निळ्या वह्या आणि नित्यनेमाची ती वही, दोन्ही कोंढाळपारच्या शाळेच्या वाचनालयात ठेवाव्यात. शेजारी शेजारी, एकाच फळीवर. 'गप्प सभा'ची नवी आवृत्ती निघू नये. पुस्तकाच्या मानधनाची जी थोडी रक्कम उरली होती तिच्यातून शुद्धिपत्र छापले आहे. ज्या वाचनालयांत प्रती आहेत त्यांची यादी गार्गीकडे दिली आहे. प्रत्येक प्रतीत एकशे बाराव्या पानासमोर ते चिकटवावे.

स्टॉपवॉचही गार्गीचे. ती पंधराशे मीटर धावते, तिथे वेळ मोजणे शोभते. उत्तराला आधी विचारले होते. ती म्हणाली, "मले काहून देता? कुकरच्या शिट्ट्या मले मोजता येतात."

सात. माझ्या मागे विभागात शोकसभा होईल. तिथे दोन मिनिटे गप्प उभे राहू नये. बोलावे. ज्याला माझ्याविरुद्ध बोलायचे असेल त्याला आधी बोलू द्यावे. अस्थी कुठेही नेऊ नयेत, जवळचे वाहते पाणी पुरे. घरी एक दिवस प्रार्थना करावी आणि तिच्यानंतर चहा ठेवावा, म्हणजे माणसे बसतील.

आठ. माझा वसतिगृहापासूनचा मित्र नागसेन गजभिये, संख्याशास्त्राचा प्राध्यापक, याने त्या वेळी माझे सगळे तक्ते तपासले होते. वही सापडल्यावर मी ती त्याच्यापुढे ठेवली. तो बराच वेळ वाचत होता. मग म्हणाला, "तक्ता बरोबर हाय गा. हजेरी बरोबर, घड्याळ बरोबर. तू एक दिवस उशिरा पोचला."

मग म्हणाला, "आमची मानसं यायची का तिथं?"

"प्रार्थनेला नाही. घंटेनंतर."

"हे बी लिव. नाहीतर पुन्हा अर्धंच लिवशील."

देवावर त्याचा विश्वास नाही. या मृत्युपत्राला साक्षीदार कोण, असे विचारले तेव्हा तो म्हणाला, "मी करतो सही. तुझ्या देवाले नको ठेवू, तो कोर्टात येत नाही."

काल रविवारी त्याच्या गाडीतून आम्ही कोंढाळपारला गेलो. मी प्रार्थनेला बसलो, नागसेन गाडीत थांबला आणि घंटा झाल्यावर ओट्यावर आला. मी उभा राहून पत्र वाचले. पत्र दोनच ओळींचे आहे, जेवढे मागितले होते तेवढे: "१४ ऑगस्ट २०१२ रोजी कोंढाळपार येथे सभामंडपाऐवजी नळ घेण्यावर गावाने उघड चर्चा करून निर्णय घेतला. मी तिथे होतो, मी ऐकले, आणि माझ्या पुस्तकातील एकशे बाराव्या पानावरचे विधान चुकीचे आहे."

मागून नत्थू नावाचे एक म्हातारे गृहस्थ म्हणाले, "चार मिनिटाचं बोलाले दहा वर्सं लागले का हो सर?" ओटा हसला. प्रेमिलाबाई हसल्या नाहीत. म्हणाल्या, "पुन्हा वाचा. मागच्यायले ऐकू नाही आलं."

मी पुन्हा वाचले.

नंतर मी त्यांना म्हणालो की मृत्युपत्रात तुमच्या नावे काही ठेवायचे आहे. मी रक्कम सांगितली. त्यांनी नागसेनला विचारले, "भाऊ, ज्याले काही भेटते त्यानं साक्षीदार म्हनून सही केली तं चालते का?" नागसेन म्हणाला, वकील नको म्हणतात, पुढे लोक शंका घेतात.

"मंग मले काही नको. मी सही करते. उद्या येते नागपूरले."

म्हणून या मृत्युपत्रात प्रेमिला श्रावण भुजाडे यांच्या नावे काहीही ठेवलेले नाही. त्यांची सहा वर्षे परत करण्याची सोय कोणत्याही कलमात नाही, हे मला माहीत आहे.

आज सकाळी पूजा झाल्यावर मी ते पत्र जिल्हा कार्यालयाला, प्रकाशकाला आणि विद्यापीठाला नोंदणीकृत टपालाने पाठवले. पावत्या सोबत जोडल्या आहेत.

नागपूर, सोमवार, १७ नोव्हेंबर २०२५

(सही) कृष्णकांत देवराव निखाडे

वरील सही कृष्णकांतने आमच्या देखत, पूर्ण शुद्धीवर असताना केली. अक्षर त्याचेच आहे.
(सही) नागसेन गजभिये, सक्करदरा, नागपूर

मी इथं होती. मी पाह्यलं.
(सही) प्रेमिला श्रावण भुजाडे, कोंढाळपार