बाबांच्या हातातला भरलेला डबा

भिलाई, १२ नोव्हेंबर १९८६, संध्याकाळ

"पहिल्यांदा हसलो म्हणून कॅमेरेवाल्यानं मले परत चालवलं," बाबा म्हणाले होते. कारखाना उभा राहत होता तेव्हाची गोष्ट.

टीव्हीसाठी दुष्काळावर फिल्म करणाऱ्या मुंबईच्या दिग्दर्शकाला तेव्हाच्या चित्रीकरणाची जुनी रिळं कारखान्याच्या संग्रहातून मीच शोधून दिली. त्यात बाबा दिसले तेव्हा केवढी हरखले होते. आज त्याने जोडून तयार केलेली फिल्म पाहिली. हातात डबा घेऊन बाबा येतात आणि निवेदक म्हणतो, भुकेपायी गाव सोडलेली माणसं.

"हे माझे वडील. फिटर होते. डब्यात आईच्या हातच्या पोळ्या आहेत," मी दिग्दर्शकाला म्हणाले.

"ताई, चेहरा बघा ना कसा बोलतोय. ओळखणार कोण?"

"आई ओळखेल."

तो नुसता हसला. भरला डबा हातात असलेला माणूस भुकेला?

बाबा गेल्यापासून आईने त्यांना फोटोतच पाहिलंय. शेजारणींना सांगून आली, टीव्हीवर आमचे हे येऊन राहिले. मला म्हणाली, "तू कावून गप्प वं?"

उद्या त्याला सांगणार आहे, बाबांना राहू द्या, ते एक वाक्य काढा. नाहीच म्हणेल, नाहीतर बाबांनाच कापून टाकेल. वाक्याशिवाय बाबा त्याच्या काय कामाचे?